थ्रीडीएसच्या होम स्क्रीनवरून होमब्रू आयकॉन पुन्हा पुन्हा गायब होतोय?

निन्टेन्डो थ्रीडीएस या हातात धरून खेळायच्या कन्सोलवर होमब्रू, म्हणजे हौशी लोकांनी बनवलेल्या गेमचा आयकॉन होम स्क्रीनवर आणला, काही दिवस नीट चालला आणि एका सकाळी नाहीसा झाला. पुन्हा इन्स्टॉल केला, पुन्हा दिसला, पुन्हा गेला. नागपुरात थ्रीडीएसवाले मोजकेच, पण त्यांच्यातही ही तक्रार नेहमीची आहे. त्रिमूर्तीनगरात माझ्याकडे आसपासची मुलं कन्सोल घेऊन येतात तेव्हा वाक्य ठरलेलं असतं: "दादा, काल टाकला होता, आज दिसूनच नाही राहिला."

त्यावर माझं पहिलं सांगणं असतं की पुन्हा इन्स्टॉल करू नको. निदान लगेच तरी नको. पुन्हा टाकल्याने आयकॉन येतो, पण तो का गेला होता याची खूण पुसली जाते. मूळ बिघाड तसाच राहतो आणि कधी कधी पुढच्या खेपेला आणखी दोन आयकॉन सोबत घेऊन जातो. आधी बिघाड कुठे आहे ते शोधायचं. त्याला दहा-पंधरा मिनिटं लागतात आणि त्यासाठी लागणारी साधनं तुमच्या कन्सोलमध्ये आधीच असतात.

हे सगळं ज्यांच्या थ्रीडीएसवर लुमा थ्रीडीएस (कन्सोलची हौशी लोकांनी बदललेली सिस्टम) आणि एफबीआय हे इन्स्टॉलर चालू आहे त्यांच्यासाठी आहे. होमब्रू म्हणजे लोकांनी स्वतः लिहून मोकळेपणाने वाटलेले गेम, मी बोलतोय ते त्यांच्याबद्दलच. मार्च २०२३ मध्ये निन्टेन्डोने या कन्सोलवरची खरेदी बंद केली, एप्रिल २०२४ मध्ये ऑनलाइन खेळणंही संपलं. त्यानंतर या छोट्या यंत्रावर जे काही नवं येतं ते या हौशी मंडळींमुळेच येतं. त्यांचा गेम कुठल्या तरी यादीत दडून न राहता होम स्क्रीनवर मानाने दिसावा, असं मला मनापासून वाटतं.

आयकॉनच्या मागे काय असतं

थ्रीडीएसवर होमब्रू दोन रूपांत येतो. पहिलं रूप डॉट थ्रीडीएसएक्स फाइल. ती एसडी कार्डावरच्या 'थ्रीडीएस' नावाच्या फोल्डरमध्ये ठेवायची आणि होमब्रू लाँचर या मेन्यूमधून उघडायची. तिला होम स्क्रीनवर स्वतःचा आयकॉन नसतो. दुसरं रूप डॉट सीआयए. ते एफबीआयने इन्स्टॉल करायचं, मग आयकॉन येतो.

काही सीआयएंमध्ये आख्खा गेम असतो. काहींमध्ये फक्त एक चिमुकला प्रोग्राम असतो, जो कार्डावरच्या ठरावीक जागी जाऊन खरी फाइल उघडतो. याला फॉरवर्डर म्हणतात आणि होम स्क्रीनवरचा 'शॉर्टकट' म्हणजे बहुतेक वेळा हाच. आपला आयकॉन यांतला कोणता, हे आधी माहीत हवं. फॉरवर्डरचा आयकॉन जागेवर असूनही गेम बंद पडू शकतो, आणि गेम कार्डावर सहीसलामत असूनही आयकॉन जाऊ शकतो. दोन्हींवरचे उपाय अगदी वेगळे आहेत.

आता नोंदींबद्दल. कार्डावर कोणकोणते गेम इन्स्टॉल आहेत याची वही कार्डावरच असते, टायटल डॉट डीबी नावाने. पण ते गेम दाखवायची परवानगी, म्हणजे तिकिटं, कन्सोलच्या आतल्या मेमरीत असतात. कार्डावरचा गेम म्हणजे शेत धरलं तर तिकीट म्हणजे सातबारा. शेत जागेवर आहे, पण उताऱ्यावर नाव नाही, तर होम स्क्रीन तुम्हाला ओळखतच नाही. या दोन नोंदी दोन वेगळ्या ठिकाणी राहतात, म्हणून एक बिघडते आणि दुसरी शाबूत राहते.

म्हणून पहिली तपासणी अशी. एफबीआय उघडा, 'टायटल्स'मध्ये जा, हरवलेला गेम यादीत आहे का ते बघा. सोबत त्याचा टायटल आयडी कागदावर लिहून घ्या. तो सोळा आकड्या-अक्षरांचा असतो आणि साध्या गेमसाठी ०००४०००० ने सुरू होतो. यादीत आहे पण होम स्क्रीनवर नाही, ही एक वाट. यादीतही नाही, ही दुसरी. आयकॉन आहे पण उघडत नाही, ही तिसरी.

नवा टाकला की जुना जातो

याच प्रकाराने लोक सगळ्यात जास्त हैराण होतात, कारण यात सगळं बरोबर केलेलं असतं. कार्ड चांगलं, फाइल चांगली, इन्स्टॉल होताना चूक नाही. तरी नवा शॉर्टकट टाकला की जुन्यांतला एक जातो. जुना परत टाकला की नवा जातो. मुलांना वाटतं कन्सोलमध्ये जागा संपली.

जागेचा इथे काही संबंध नाही. दोन शॉर्टकटांचा टायटल आयडी एकच आहे. थ्रीडीएस गेमला नावाने ओळखत नाही, चित्राने तर मुळीच नाही. तो फक्त आयडी बघतो. त्याच आयडीचं काही नवं आलं तर तो समजतो की जुन्याचीच नवी आवृत्ती आली, आणि निमूटपणे वर लिहून टाकतो. ना इशारा, ना प्रश्न.

दुकानातल्या गेमांना आयडी कंपनीकडून मिळायचे, त्यामुळे ही टक्कर व्हायची नाही. होमब्रूत आयडी बनवणारा ठरवतो. कोणी नमुन्याच्या फाइलमधला आयडी तसाच ठेवतो आणि त्याच नमुन्यावरून दुसऱ्या कोणी दुसरा गेम बनवलेला असतो. स्वतः फॉरवर्डर तयार करणारे तर याच्यात हमखास अडकतात: एक सेटिंग फाइल बनवायची, तिच्यातलं नाव आणि चित्र बदलत जायचं, युनिक आयडीची (टायटल आयडीतला प्रत्येक गेमचा वेगळा भाग) ओळ मात्र कोणाच्या नजरेला पडत नाही.

डीएस या निन्टेन्डोच्या आधीच्या कन्सोलसाठी बनवलेल्या होमब्रू गेमांमध्ये याच्याही पुढची गोष्ट आहे. डॉट एनडीएस फाइलच्या सुरुवातीला चार अक्षरी गेम-कोड असतो. होमब्रू बनवणाऱ्याने तो भरला नाही तर तिथे चार हॅश चिन्हं राहतात. अशा फायली भरपूर आहेत. तुमचं फॉरवर्डर बनवायचं साधन त्या कोडवरून आयडी काढत असेल, तर असे सगळे गेम एकाच आयडीवर येऊन आदळतात.

ओळखायचं कसं? नवा टाकायच्या आधी एफबीआयमध्ये जुन्याचा आयडी लिहून घ्या, नवा टाका, नव्याचा आयडी बघा. आख्खा आयडी जुळला की चोर सापडला. उपाय म्हणजे नव्या फॉरवर्डरला वेगळा युनिक आयडी देऊन सीआयए परत बनवणं. मी आयडींची एक यादी वहीत ठेवतो: गेमचं नाव, आयडी, कोणत्या जागेकडे बोट दाखवतो ती जागा. स्वतः शॉर्टकट बनवणाऱ्या प्रत्येकाने ती ठेवावी असं मी आग्रहाने सांगेन. दुसऱ्याने बनवलेला तयार सीआयए असेल आणि आयडी जुळत असेल, तर दोघांतला एक लाँचरमधून उघडायचा किंवा बनवणाऱ्याला कळवायचं. ही मंडळी अशा कळवण्याची कदर करतात.

कार्ड, कार्ड आणि कार्ड

एकटा आयकॉन न जाता बरेच एकदम जात असतील, किंवा आज एक, उद्या दुसरा असं चालू असेल, तर बोट कार्डाकडे दाखवा.

सगळ्यात आधी साध्या गोष्टी. जुन्या थ्रीडीएस, थ्रीडीएस एक्सएल आणि टूडीएसमध्ये पूर्ण आकाराचं एसडी कार्ड लागतं, त्याच्या कडेला छोटा लॉकचा खटका असतो. तो खाली सरकला असेल तर कन्सोल कार्डावर काही लिहू शकत नाही. न्यू थ्रीडीएस आणि न्यू थ्रीडीएस एक्सएलमध्ये मायक्रो एसडी मागच्या झाकणाखाली असतं, स्क्रू सैल करून झाकण काढावं लागतं. ते करताना कन्सोल पूर्ण बंद हवा. मिटून ठेवलेला कन्सोल बंद नसतो, झोपलेला असतो. चालू किंवा झोपलेल्या कन्सोलमधून कार्ड ओढलं की टायटल डॉट डीबी अर्धवट लिहिली जाण्याचा धोका असतो. मग एक-दोन नव्हे, कार्डावरचे सगळे आयकॉन एका झटक्यात जातात.

फॉरमॅट: थ्रीडीएसला फॅट-३२ लागतं. बत्तीस जीबीपेक्षा मोठी कार्डं दुकानातून एक्सफॅट होऊन येतात, ती कन्सोलला वाचता येत नाहीत. विंडोजची नेहमीची फॉरमॅटची खिडकी मोठ्या कार्डाला फॅट-३२ देत नाही, त्यासाठी जीयूआय फॉरमॅटसारखं छोटं साधन वापरावं. अ‍ॅलोकेशन युनिट साइज ३२ केबी, म्हणजे ३२७६८ ठेवा. १२८ जीबीच्या कार्डाला ६४ केबी. अधिकृतपणे कन्सोल ३२ जीबीपर्यंतचंच कार्ड मानतो, त्याहून मोठं नीट फॉरमॅट केलं तर चालतं. पण फार मोठ्या कार्डाने होम स्क्रीन यायला वेळ लागतो. नुसत्या होमब्रूसाठी ३२ जीबी भरपूर झालं, मी तेच सुचवतो.

आता नकली कार्डाचा प्रश्न. बर्डीवर (सीताबर्डीच्या बाजारात) फुटपाथच्या स्टॉलवर ६४ जीबी लिहिलेलं कार्ड स्वस्तात मिळतं. अशा कार्डांतली काही आतून ८ किंवा १६ जीबीचीच असतात आणि संगणकाला खोटा आकडा सांगतात. पहिल्या काही जीबीपर्यंत सगळं मस्त चालतं. खरी जागा संपली की पुढचं लिखाण हवेत जातं, किंवा आधीच्या लिखाणावर चढतं. 'काही दिवस चालला आणि मग गेला' या तक्रारीमागे हे कारण बऱ्याचदा असतं, आणि इथे कितीही वेळा इन्स्टॉल केलं तरी फरक पडत नाही. विंडोजवर एचटूटेस्टडब्ल्यू आणि लिनक्स किंवा मॅकवर एफथ्री ही फुकट साधनं कार्ड पूर्ण भरून परत वाचून बघतात. मोठ्या कार्डाला काही तास लागतात, तेवढे द्यावेत. कार्डावरचं सगळं आधी संगणकावर उतरवून, कार्ड रिकामं करून मगच चाचणी लावा. नवं कार्ड घ्याल ते बिल घेऊन घ्या आणि त्याच दिवशी तपासा, म्हणजे बदलून मागता येतं.

उन्हाळ्यातली एक खास नागपुरी अडचण सांगतो. मे महिन्यात कूलर आणि एसी एकदम चालू होतात आणि भर दुपारी वीज जाते. त्या वेळी डेस्कटॉपवरून कार्डावर कॉपी चालू असेल आणि यूपीएस नसेल, तर कार्डाची फाइल-रचना तुटते. वीज आल्यावर फोल्डर दिसतात, आकारही बरोबर दिसतो, म्हणून लोक कार्ड तसंच कन्सोलमध्ये घालतात. तसं करू नका. आधी विंडोजची चेकडिस्क चालवा आणि अर्धवट राहिलेली कॉपी पहिल्यापासून करा. शक्यतो हे काम लॅपटॉपवर करावं, आणि कार्ड काढताना 'सेफली रिमूव्ह' न चुकता.

बत्तीस अक्षरांचे दोन फोल्डर

कार्डावर 'निन्टेन्डो थ्रीडीएस' नावाचा फोल्डर असतो. त्यात बत्तीस आकड्या-अक्षरांच्या नावाचा एक फोल्डर, आणि त्याच्या आत पुन्हा तसाच एक. इन्स्टॉल केलेलं सगळं त्या आतल्या फोल्डरमध्ये असतं, त्या कन्सोलच्या स्वतःच्या किल्लीने कुलूपबंद केलेलं. त्यामुळे मित्राच्या कार्डावरून हा फोल्डर आणून आपल्याकडे टाकला तर एकही आयकॉन दिसत नाही. तसा प्रयत्न करून वेळ घालवू नका, सीआयए आणून इन्स्टॉल करा.

अडचण होते ती या दोन पायऱ्यांपैकी कुठेही एकाऐवजी दोन फोल्डर झाले की. कार्ड बदलताना हे नेहमी घडतं: कोरं कार्ड आधी कन्सोलमध्ये घालून चालू केलं, कन्सोलने तिथे आपला नवा फोल्डर बनवला, आणि नंतर जुन्या कार्डातलं सगळं त्यावर ओतलं. आता आतल्या पायरीवर दोन फोल्डर झाले आणि कन्सोल रिकामा धरून बसला. आकार बघा. भरलेला ठेवा, रिकामा संगणकावर हलवा. पुसून टाकायची घाई नको.

बाहेरच्या पायरीवर दोन असतील तर खरा कोणता ते असं ओळखायचं: 'निन्टेन्डो थ्रीडीएस' फोल्डरचं नाव तात्पुरतं बदला, कार्ड घालून कन्सोल चालू करा, तो स्वतःचा नवा फोल्डर बनवेल. त्याचं नाव जुन्या दोघांपैकी ज्याच्याशी जुळेल तो तुमचा. मग नवा बाजूला काढून जुन्याचं नाव परत ठेवा. दोघांपैकी एकाशीही जुळलं नाही, तर मधल्या काळात कोणीतरी सेटिंग्जमधून कन्सोल फॉरमॅट केला आहे. फॉरमॅटने किल्लीच बदलते आणि जुन्या फोल्डरमधलं कन्सोलला वाचता येत नाही. अशा वेळी मात्र पुन्हा इन्स्टॉल करणं हाच उपाय आहे.

नवं कार्ड घेताना क्रम लक्षात ठेवा: संगणकावर फॉरमॅट, संगणकावर कॉपी, मग कन्सोलमध्ये. मध्ये कुठेही कन्सोल नाही.

यादीत आहे, होम स्क्रीनवर नाही

ही वाट बरीच सोपी. नवा आयकॉन आधी गुंडाळलेल्या भेटवस्तूच्या चित्रात येतो, तो दाबून उघडावा लागतो. ती भेटवस्तू कुठल्या तरी दूरच्या रिकाम्या चौकटीत पडलेली असते, त्यामुळे एकदा शेवटपर्यंत सरकवून बघा.

होम स्क्रीनवर ३०० पर्यंतच गेम दिसतात. फोल्डरांत घातले म्हणून ही मर्यादा वाढत नाही. त्यापुढचे एफबीआयच्या यादीत दिसतात, होम स्क्रीनवर येत नाहीत. ज्यांनी प्रत्येक छोट्या गेमला वेगळा शॉर्टकट दिलाय त्यांनी हे मोजून बघावं.

डीएसच्या गेमांची मर्यादा आणखी आखूड आहे. त्यांचे जुन्या पद्धतीचे फॉरवर्डर डीएसआयवेअर (डीएसआय कन्सोलसाठीचे डाउनलोड गेम) म्हणून कन्सोलच्या आतल्या मेमरीत बसतात आणि तिथे चाळीसच मावतात. चाळीस भरले की नवा टाकताना अडतो. अशा लोकांनी थ्रीडीएस-पद्धतीचे फॉरवर्डर बनवणारं साधन वापरावं, ते कार्डावर बसतात आणि तीनशेच्या हिशोबात मोजले जातात. नाहीतर ट्वायलाइट मेन्यू या डीएसचे गेम उघडणाऱ्या प्रोग्रामचा एकच आयकॉन ठेवून आतून गेम निवडा. मला विचाराल तर डीएसच्या होमब्रूसाठी हाच जास्त टिकाऊ मार्ग आहे, आणि सगळ्यात आवडत्या चार-पाच गेमांनाच स्वतंत्र आयकॉन द्यावा.

हे काहीच नसेल तर तिकीट गेलं आहे. कन्सोलच्या आतल्या मेमरीचा जुना बॅकअप परत चढवला की असं होतं. कार्डावरच्या वहीत गेम आहेत, पण बॅकअप घेतल्यानंतर टाकलेल्या गेमांची तिकिटं आत नाहीत. यावर फेकटिक नावाचा छोटा होमब्रू आहे. होमब्रू लाँचरमधून तो एकदा चालवला की यादीत असलेल्या पण तिकीट नसलेल्या गेमांची तिकिटं तो बनवून देतो. कन्सोल परत चालू करा, आयकॉन भेटवस्तू होऊन येतात. काही पुसलं जात नाही, म्हणून पुन्हा इन्स्टॉल करायच्या आधी हे करून बघणं योग्य.

यादीतही नाही

आयडीची टक्कर, दुहेरी फोल्डर आणि कार्डाची तब्येत या तिन्ही गोष्टी तपासून झाल्या आणि तरी एफबीआयची यादी रिकामी असेल, तर टायटल डॉट डीबी बिघडली आहे. इथे आधी थांबा आणि आख्खं कार्ड संगणकावर उतरवा. वही नव्याने सुरू करता येते, पण सेटिंग्जमधल्या डेटा मॅनेजमेंटमधून ती दुरुस्त करताना कन्सोल कार्डावरचं इन्स्टॉल केलेलं सॉफ्टवेअर पुसून टाकतो. शक्य असतील ते सेव्ह चेकपॉइंट या सेव्हचा बॅकअप घेणाऱ्या होमब्रूने आधी बाहेर काढा. बहुतेक होमब्रू आपले सेव्ह साध्या फोल्डरमध्ये ठेवतात, ते या पुसण्यात जात नाहीत, पण प्रत्येकाचं तसं नसतं. वही बिघडण्यामागे बहुधा खराब कार्डच असतं, तेव्हा त्याच कार्डावर नवी वही लिहू नका.

आयकॉन आहे, उघडत नाही

फॉरवर्डर दाबला, स्क्रीन काळी झाली, परत होम स्क्रीन आली. किंवा फाइल सापडत नसल्याचा संदेश. जवळजवळ नेहमी जागा चुकलेली असते. फॉरवर्डर बनला तेव्हा गेम ज्या फोल्डरमध्ये होता तिथून तो हलला. कोणीतरी कार्ड 'नीट लावलं', किंवा गेम अपडेट करताना नवी फाइल वेगळ्या नावाने उतरली आणि जुनी काढून टाकली. फॉरवर्डरला हे कोण सांगणार? फाइल मूळ जागी मूळ नावाने ठेवा, लगेच चालतो. म्हणूनच आयडींच्या यादीत जागासुद्धा लिहून ठेवायची.

गेमसोबत चित्रं, आवाज यांचा वेगळा फोल्डर असेल तर तोही तिथेच हवा. मॅकवरून कॉपी करणाऱ्यांच्या कार्डावर टिंब आणि अधोरेषेने सुरू होणाऱ्या लपलेल्या फायली पडतात, त्या काढून टाका. काही होमब्रू त्यांना खरी फाइल समजून अडखळतात.

लाँचरच उघडत नसेल तर कार्डाच्या अगदी बाहेरच्या पातळीवर बूट डॉट थ्रीडीएसएक्स आहे का बघा. ती असेल आणि तरी लाँचर येत नसेल, तर डाउनलोड प्ले हे कन्सोलमधलं अ‍ॅप उघडून एल, खाली आणि सिलेक्ट एकदम दाबा. रोझालिना हा लुमाचा मेन्यू येईल, त्यात संकीर्ण पर्यायांत होमब्रूसाठी सध्याचा अ‍ॅप निवडण्याची ओळ आहे. ती निवडा, डाउनलोड प्ले बंद करून परत उघडा.

आणि फॉरवर्डरऐवजी लुमाचा आकड्यांनी भरलेला त्रुटीचा पडदा आला तर बिघाड शॉर्टकटमध्ये नाही, गेममध्येच आहे. कार्डावर लुमाच्या फोल्डरमध्ये 'डम्प्स' असतं, तिथली फाइल गेम बनवणाऱ्याला पाठवा. त्याला तिच्यातून बरंच कळतं.

चित्र भलतंच दिसतंय

गेम उघडतो पण आयकॉन कोरा, किंवा दुसऱ्याच गेमचा. होम स्क्रीन आयकॉनची चित्रं साठवून ठेवते आणि तो साठा शिळा झालाय. आतल्या बत्तीस अक्षरी फोल्डरमध्ये एक्स्टडेटा, त्यात आठ शून्यांचा फोल्डर, त्यात होम स्क्रीनचा फोल्डर: अमेरिकी कन्सोलला ०००००० नंतर ८एफ, युरोपीयला ९८, जपानीला ८२. आपल्याकडे कन्सोल कुणाच्या मामाने न्यूजर्सीहून आणलेला असतो, कुणाचा जपानी, तेव्हा आधी आपला कोणता ते बघा. तो फोल्डर संगणकावर हलवा आणि कन्सोल चालू करा. चित्रं नव्याने बनतात. मात्र तुमची मांडणी आणि होम स्क्रीनवरचे फोल्डर जातात, सगळे आयकॉन परत भेटवस्तू होतात. एका चुकीच्या चित्रासाठी हे करणं परवडतं का, ते तुम्ही ठरवा.

स्वतःचा गेम मराठी नावाने

शेवटचा मुद्दा थोड्यांच्याच कामाचा आहे, पण माझ्या जवळचा आहे. इथल्या इंजिनिअरिंगच्या काही मुलामुलींनी डेव्हकिटप्रो ही गेम बनवायची साधनं वापरून छोटे गेम लिहायला सुरुवात केली आहे, आणि त्यांना होम स्क्रीनवर देवनागरी नाव हवं असतं. नाव देवनागरीत भरलं की आयकॉन येतो, पण नावाच्या जागी निरर्थक चिन्हं दिसतात. मुलं समजतात सीआयए बिघडला. तो बिघडलेला नाही. कन्सोलच्या स्वतःच्या फॉन्टमध्ये देवनागरीच नाही.

वाट अशी आहे. नावाच्या रकान्यात रोमन अक्षरं ठेवा, छोट्या नावाला ६४ आणि मोठ्याला १२८ अक्षरांची जागा असते. मराठी नाव चित्रात घाला. आयकॉनचं चित्र ४८ बाय ४८ ठिपक्यांचं, त्यात दोन-तीन ठळक अक्षरंच वाचता येतात, काना-मात्रा जाड काढाव्या लागतात. बॅनर, म्हणजे आयकॉन निवडल्यावर वरच्या पडद्यावर येणारं चित्र, २५६ बाय १२८ चा, तिथे आख्खं नाव जोडाक्षरांसकट छान बसतं. बॅनरसोबत तीन सेकंदांपर्यंतचा आवाजही देता येतो. एका मुलीने तिथे स्वतःच्या आवाजात गेमचं नाव म्हटलंय. आयकॉनवर बोट ठेवलं की कन्सोल मराठीत बोलतो. गेमच्या आत देवनागरी हवी असेल तर फॉन्ट सोबत द्यावा लागतो, आणि जोडाक्षरं नीट जुळवणारं काही नसेल तर वाक्यं चित्रं म्हणूनच ठेवणं सोपं.

आणि सीआयए बनवताना युनिक आयडी स्वतःचा निवडा, नमुन्यातला नको. तो आयडी गेमच्या माहितीतही लिहून ठेवा, म्हणजे वर सांगितलेली टक्कर दुसऱ्या कुणाच्या कन्सोलवर झाली तर त्याला लगेच कळेल.